गॅब्रिएल बेटावरचा एक दिवस

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील भाषण, ध्वनिमुद्रणावरून)



संयोजकांनी मला विषय दिला होता 'कृत्रिम बुद्धिमत्ता आणि आपण'. मी त्यांना फोन करून सांगितलं की हे मी आठवड्याचे पाच दिवस ऑफिसात ऐकते आणि ऐकवते. जेवणाच्या आधीच्या तासाला तो विषय ठेवलात तर निम्मा वर्ग डुलक्या घेईल आणि उरलेला निम्मा मागच्या दाराने पसार होईल. या वर्गाचा तसा इतिहास आहे, मागच्या बाकावरच्यांनी हसू नये. त्यांनी विचारलं, मग कशावर बोलशील? मी म्हटलं, एका सहलीवर बोलते. शाळेत असताना आपली सहल दर वर्षी ठरायची आणि दर वर्षी एसटीच्या गाडीवर अडकायची. त्यामुळे सहलीचा निबंध लिहायचा राहूनच गेला होता.

तर गेल्याच्या गेल्या दिवाळीत, म्हणजे २०२४ साली, आम्ही वर्गातल्या सहा जणी मॉरिशसला गेलो. कोणी नवऱ्याला, कोणी सासूबाईंना, कोणी ऑफिसला कसं पटवलं ते एक स्वतंत्र भाषण होईल. त्यातला एक दिवस आम्ही कॅटामरानने उत्तरेकडच्या बेटांवर गेलो. मी त्या एका दिवसाबद्दलच बोलणार आहे.

आधी एक गोष्ट मान्य करू. आपली शाळा टेकडीवर, वर्गाच्या खिडकीतून समुद्राची पट्टी दिसायची, पण वर्गातल्या तीस मुलींपैकी पोहता येणाऱ्या किती होत्या? एक. आणि तीही विहिरीत शिकलेली. समुद्र बघायचा, नारळीपौर्णिमेला त्याला नारळ द्यायचा, गणपती पोचवायला गुडघाभर पाण्यात जायचं, बस. मुलगे उधाणातही उड्या मारायचे आणि आम्ही त्यांच्या चपला सांभाळायचो. मी स्वतः पोहायला शिकले बेचाळिसाव्या वर्षी, पुण्यात आमच्या सोसायटीच्या तलावात, माझ्या लेकीच्या वयाच्या मुलींबरोबर. त्यामुळे स्नॉर्केलिंग हा शब्द या सहलीच्या पत्रकात आला तेव्हा सहापैकी चौघींनी तो वाचलाच नाही असं दाखवलं.

मॉरिशसमध्ये कॅटामरानच्या दिवसभराच्या सहली दोन-तीन दिशांना जातात. पश्चिमेला जाणाऱ्यांचं आकर्षण म्हणजे सकाळचे डॉल्फिन. ते मला नको होतं. एका डॉल्फिनच्या मागे पंधरा होड्या धावतात हे मी व्हिडिओत पाहिलं होतं, आणि आपल्याकडे दिवेआगर-मुरुडला काय चालतं तेही ठाऊक आहे. त्यापेक्षा उत्तरेला ग्राँ बे नावाच्या बंदरातून निघून गॅब्रिएल बेटाजवळ जाणारी सहल आम्ही निवडली. हे 'आम्ही' म्हणजे लोकशाही पद्धतीने. चार विरुद्ध दोन.

कॅटामरान हा शब्द मुळात आपल्या शेजारचा आहे. तमिळमध्ये 'कट्टु' म्हणजे बांधणं आणि 'मरम' म्हणजे लाकूड. चेन्नईच्या किनाऱ्यावरचे कोळी ओंडके एकमेकांना बांधून त्यावर बसून समुद्रात जात, ते कट्टुमरम. गोऱ्यांनी तो शब्द उचलला आणि पुढे भलत्याच वस्तूला लावला. आजची कॅटामरान म्हणजे दोन अरुंद, लांब नावा शेजारी शेजारी ठेवून वर एकच फळी टाकावी तशी. बसायला भरपूर जागा, आणि पुढे दोन नावांच्या मधे ताणून बांधलेलं जाळं, ज्यावर लोळत जाता येतं. खालून समुद्र धावत असतो आणि जाळ्यातून वर उडत असतो. आमच्यातली एक जण नवी कोरी ओढणी घेऊन तिथे जाऊन बसली, ती पाच मिनिटांत पिळून परत आली.

मी इंजिनिअर आहे, त्यामुळे मला ती कशी उभी राहते यात जास्त रस. आपल्या मचव्याला वारा लागला की तो कलतो, आणि त्याला सरळ ठेवायला तळाशी वजन लागतं. कॅटामरानचे दोन पाय लांब लांब असतात, जसं आपण चालत्या एसटीत पाय फाकवून उभे राहतो. त्यामुळे तळाशी जड वजन नको, नाव हलकी, आणि पाण्यात फार खोल बुडत नाही. म्हणूनच ती प्रवाळाच्या आत, उथळ पाण्यात, पुळणीच्या अगदी जवळ जाऊ शकते. याचा तोटाही आहे. मोठी जड तळाची नाव कलंडली तर स्वतः उभी राहते, कॅटामरान एकदा पूर्ण उलटली की उलटीच राहते. हे मी तिथे कोणाला सांगितलं नाही. आमच्यातल्या एकीने जिन्यावरच रामरक्षा सुरू केली होती.

सकाळी नऊच्या सुमाराला निघालो. आमच्या तांडेलाने जाताना इंजिन लावलं. ग्राँ बेच्या आत पाणी ताटातल्या पाण्यासारखं होतं. उत्तरेचं टोक ओलांडलं आणि खरा समुद्र लागला. भूगोलाच्या बाई समोर बसल्या आहेत म्हणून सांगते, तिथे आग्नेयेकडून जवळजवळ वर्षभर व्यापारी वारे वाहतात. नववीत तुम्ही फळ्यावर पृथ्वीचा गोल काढून तिरके बाण काढले होते, बाई, आणि आम्ही ते फक्त पाच मार्कांसाठी पाठ केले होते. ते बाण त्या दिवशी आमच्या उजव्या कानावर आपटत होते. सहापैकी तिघी आडव्या झाल्या. तिथल्या खलाशाने आल्याची बिस्किटं पुढे केली, पण शेवटी उपयोगी पडली ती आमच्या मॉनिटरच्या पर्समधली आवळासुपारी. ती आजही आपल्या मॉनिटरच आहेत, कोणाच्या मनात शंका नको.

वाटेत एक बेट लागतं, क्वँ द मिर. एका बाजूला समुद्रातून सरळ वर उठलेला कडा आणि दुसऱ्या बाजूला उतरत गेलेली पाठ. तोफेच्या बुडाखाली घालायच्या पाचरीवरून त्याचं नाव पडलंय, आणि दिसतंही अगदी तसंच. त्या कड्याच्या कपारींत पांढरे पक्षी राहतात, शेपटीत दोन लांब बारीक पिसं. मॉरिशसच्या विमानावर जो पक्षी रंगवलेला असतो, तोच. पलीकडे दूर आणखी दोन बेटं दिसतात, एकाचं नाव गोल बेट आणि दुसऱ्याचं सर्प बेट. तिथले लोक हसत सांगतात की गोल बेट गोल नाही आणि साप सगळे त्याच्यावर आहेत, सर्प बेटावर एकही नाही. आम्ही जिथे चाललो होतो त्याच्या शेजारी आहे ते 'सपाट बेट', आणि त्याच्यावर चांगली टेकडी आहे, टेकडीवर दीपगृह. नकाशावर नावं घालणारा माणूस बहुतेक आमच्या तिघींसारखाच आडवा पडलेला असावा.

सपाट बेट आणि गॅब्रिएल बेट यांच्या मधे लगून आहे. लाटा बाहेर प्रवाळाच्या भिंतीवर फुटतात आणि आत पाणी शांत. दोन तास हिंदकळल्यावर त्या पाण्यात शिरलो तेव्हा सगळ्या एकदम गप्प झालो. रंग मी सांगत बसत नाही, फोटो सगळ्यांनी पाहिलेत. तेवढं फक्त सांगते की फोटोत तो रंग खोटा वाटतो आणि तिथे गेल्यावरही खोटाच वाटतो.

मग मास्क, नळी आणि पायात घालायचे फिन्स वाटले. मास्क म्हणजे नाकासकट डोळे झाकणारी काच. नाक बंद, श्वास फक्त तोंडाने, दातात धरलेल्या नळीतून. यात अवघड काही नाही, पण आपलं शरीर ते मान्य करत नाही. चेहरा पाण्यात गेला की ते श्वास धरूनच ठेवतं. म्हणून पहिली पाच मिनिटं शिडीला धरून, नुसतं तोंड पाण्यात घालून, मोठ्याने फूं फूं करत श्वास घ्यायचा. मास्कची काच आतून धुरकटते, त्यावर उपाय म्हणजे आत थुंकायचं आणि विसळायचं. हे ऐकून आमच्यातल्या एका मुख्याध्यापिकेचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. कपाळावरचे केस मास्कच्या रबराखाली आले तर पाणी आत येतं, हे आंबाडा घालणाऱ्यांनी लक्षात ठेवावं. आणि हसायचं नाही. हसलं की गालांना घड्या पडतात, मास्क सुटतो आणि पाणी नाकात. आम्हा सहा जणींना एकत्र असताना हसू नका हे सांगणं म्हणजे काय, ते वर्गशिक्षकांना विचारा.

सर, तुमच्यासाठी एक. मी खलाशाला विचारलं की नळी एवढी आखूड का? हातभर लांब केली तर आणखी खोल नाही का जाता येणार? तो हसला आणि नुसतं छातीवर हात ठेवून दाखवलं. रात्री मी हिशोब केला. एक मीटर खोलीवर पाण्याचा दाब वातावरणाच्या दाबाच्या जवळजवळ एक दशांशाने जास्त असतो. छातीवर बाहेरून तो दाब, आणि नळीतून येणारी हवा मात्र वरच्या, कमी दाबाची. आपल्या बरगड्यांच्या स्नायूंना तेवढ्या दाबाविरुद्ध छाती फुगवताच येत नाही. शिवाय नळी लांब असली की आपणच सोडलेली शिळी हवा आपण परत आत घेतो. म्हणजे सिनेमात बोरूची पोकळ काडी तोंडात धरून तळ्याच्या तळाशी लपणारे नायक सगळे खोटे. सर, तुम्ही नववीत दाबाचं सूत्र शिकवलंत, पण हे जर सांगितलं असतंत तर मागच्या बाकावरच्यांनीसुद्धा वही उघडली असती.

दुसरं वाटीतल्या नाण्याचं. पाणी ओतलं की नाणं वर आल्यासारखं दिसतं, तो प्रयोग आठवतो? इथे अख्खा समुद्र ती वाटी असते. तळ वाटतो हाताच्या अंतरावर, आणि असतो पुरुषभर खाली. मासे मोठे आणि जवळ दिसतात. मी तीनदा माशाला हात लावायला गेले आणि तीनही वेळा माझा हात अपुरा पडला.

खाली काय दिसलं? पिवळ्या-काळ्या पट्ट्यांचे मासे थव्याने, माणसाला न घाबरणारे. वाळूत पडलेल्या समुद्रकाकड्या. कपारीत काळे लांब काट्यांचे समुद्र-अर्चिन, साळिंदराच्या पिल्लासारखे, ज्यांच्यामुळे पाय खाली टेकायचा नाही. आणि पोपटमासा. त्याचं तोंड खरोखर पोपटाच्या चोचीसारखं असतं आणि तो प्रवाळाचे दगड कुरतडतो. पाण्यात कान असल्यामुळे तो आवाज स्पष्ट ऐकू येतो, कोणीतरी शेंगदाणा चिक्की खातंय असा. त्यावरचं शेवाळ त्याला हवं असतं, पण दगडही पोटात जातो, दळला जातो आणि मागून पांढरी वाळू होऊन बाहेर पडतो. त्या पांढऱ्याशुभ्र किनाऱ्याचा बराच भाग म्हणजे माशांची विष्ठा आहे. हे मी पुळणीवर पसरून झोपलेल्या मैत्रिणींना सांगितलं. त्या उठल्या नाहीत. म्हणाल्या, मुलं वाढवलीत आम्ही.

आमच्यातली जी बँकेत आहे, ती आयुष्यात कधी कमरेच्या वर पाण्यात गेली नव्हती. तिला लाइफ जॅकेट घातलं, हाताला गोल टायर दिलं आणि एक खलाशी ते टायर ओढत पोहू लागला. ती आधी डोळे मिटूनच होती. मग तिने तोंड पाण्यात घातलं. बराच वेळ वर आली नाही. मी जवळ गेले तर नळीतून आवाज येत होता. घाबरून तिला वर ओढलं, तर म्हणते, "अगं सोड ना मला. मी माशाशी बोलतेय." तिचे वडील मासेमारीचे होते, हे तुमच्यापैकी बऱ्याच जणांना माहीत आहे. होडीच्या वरून त्यांनी आयुष्यभर जो समुद्र पाहिला, त्याची खालची बाजू तिने त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. जेवायला बोलावलं तेव्हा सगळ्यांत शेवटी ती वर आली.

पण सगळंच काही गोमटं नव्हतं. प्रवाळाचे मोठमोठे तुकडे मेलेले, करडे, शेवाळलेले होते. प्रवाळ हा दगड नव्हे, प्राणी आहे. त्याच्या अंगात सूक्ष्म शैवाल राहतं, ते उन्हावर अन्न बनवतं आणि प्रवाळाला देतं, रंगही त्याचाच. समुद्र नेहमीच्या उन्हाळ्यापेक्षा अंशभराने जरी जास्त तापला आणि आठवडेच्या आठवडे तसाच राहिला, तर प्रवाळ त्या शैवालाला बाहेर टाकतं आणि पांढरं पडतं. लवकर गारवा आला तर वाचतं, नाहीतर उपाशी मरतं. आम्ही गेलो त्याच वर्षी एप्रिलमध्ये शास्त्रज्ञांनी जाहीर केलं होतं की जगभरात असं एकाच वेळी होण्याची ही चौथी खेप आहे. शिवाय नांगर, फिन्सचे फटके, पायाखाली तुडवणं. आमच्या तांडेलाने नांगर टाकला नाही, तिथे आधीच बांधून ठेवलेल्या बोयाला दोर अडकवला. आणि सनस्क्रीनऐवजी लांब बाह्यांचा पोहण्याचा सदरा घाला असं सांगितलं. ते मला आवडलं. आपल्याकडे मालवणलाही प्रवाळ आहे आणि स्नॉर्केलिंगही चालतं, आपल्यापैकी कोणाचा तिथे व्यवसाय असेल तर ही बोयाची गोष्ट जरूर मनावर घ्यावी.

तिथली माणसं समुद्राच्या बाबतीत जागी आहेत. २०२० साली वाकाशिओ नावाचं मोठं जहाज त्यांच्या आग्नेय किनाऱ्यावर प्रवाळात रुतलं आणि सुमारे हजार टन तेल पाण्यात गेलं. तेव्हा लोकांनी कोणाची वाट पाहिली नाही. कापडी पिशव्यांत उसाचं पाचट भरून लांबच लांब वळकट्या शिवल्या, तरंगायला प्लास्टिकच्या बाटल्या लावल्या आणि त्या समुद्रात सोडून तेल अडवलं. काहींनी तर तेल शोषायला डोक्याचे केस कापून दिले. उसाचं पाचट म्हणजे आपल्याकडे शेतात काडी लावून जाळायची वस्तू.

आता बेटाकडे येते. इथून पुढचं सांगण्यासाठीच मी हे भाषण मागून घेतलं.

गॅब्रिएल बेट लहान आहे. पुळण, मागे खुरटी झुडपं, काळे खडक. छोट्या होडीतून तिथे उतरवतात, तासभर हिंडा म्हणतात. आमच्याबरोबर जो तरुण खलाशी आला, तो आम्ही आपसात मराठीत भांडताना कान देऊन ऐकत होता. मधेच त्याने विचारलं, आणि इंग्रजीतच विचारलं, "तुम्ही मराठी का?" मॉरिशसमध्ये मराठी माणसं आहेत, हे आपल्याला पुस्तकातून माहीत असतं. पश्चिमेला कास्कावेल नावाचं त्यांचं जुनं गाव आहे, शाळेत मुलांना मराठी विषय घेता येतो, गणेश चतुर्थीला देशभर सुट्टी असते. पण एक ओल्या केसांचा, क्रेओल बोलणारा मुलगा समोर उभा राहून सांगतो की त्याची आजी कास्कावेलची आणि त्याला गणपतीची आरती पाठ आहे, तेव्हा अंगावर काटा येतो. अर्थ कळत नाही म्हणाला, पण चाल चुकत नाही.

मी त्याला विचारलं की समोरच्या सपाट बेटावर ते पडके बांधकाम कसलं दिसतं. तो म्हणाला, क्वारंटाइन.

मग त्याने जे थोडक्यात सांगितलं आणि मी नंतर वाचलं, ते असं. १८३४ पासून पुढे ऊसमळ्यांत काम करायला हिंदुस्थानातून करारावर मजूर नेले जात होते. अनेक दशकांत मिळून जवळजवळ पाच लाख. कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तीन बंदरांतून. १८५६ च्या जानेवारीत कलकत्त्याहून दोन जहाजं आली, हैदरी आणि फत्ते मुबारक. जहाजांवर कॉलरा होता. त्या माणसांना मुख्य बेटावर उतरू न देता या गॅब्रिएल बेटावर उतरवलं. निवारा जेमतेम, अन्नपाण्याचे हाल, आणि वर तिथला पावसाळी, वादळांचा मोसम. पुढच्या काही महिन्यांत त्यातली दोनशेहून जास्त माणसं इथेच मेली. बोभाटा एवढा झाला की हिंदुस्थान सरकारने मॉरिशसला मजूर पाठवणं काही काळ थांबवलं. त्यानंतर सपाट बेटावर रीतसर क्वारंटाइनची इमारत, दवाखाना, दफनभूमी उभी राहिली आणि संशयित जहाजांना तिथे थांबवू लागले.

आणि आम्ही उभ्या होतो ती पुळण तीच. ज्या शांत लगूनमध्ये मघाशी मी नाण्याचा प्रयोग आठवत होते, त्याच्या पलीकडे फुटणाऱ्या लाटा आहेत, आणि लाटांच्या पलीकडे दहा-बारा किलोमीटरवर मुख्य बेटाचे हिरवे डोंगर स्पष्ट दिसतात. त्या माणसांना ते रोज दिसत असणार.

आमच्यात वाद झाला. तो लपवत नाही, कारण दोन्ही बाजू इथे बसल्या आहेत. एक जण म्हणाली, "आपण सहलीला आलोय, श्राद्धाला नाही. दहा वर्षांनी घर सोडून एक दिवस मिळालाय." दुसरी म्हणाली, मला आता इथे जेवण जाणार नाही. तिसरी म्हणाली, ती कलकत्त्याची जहाजं, आपली कुठे? यावर तो खलाशी, त्याला मराठी शब्द कळले नव्हते पण सूर कळला होता, हसून म्हणाला की इथे उतरल्यावर सगळेच 'मलबार' झाले, कोणी कुठल्या बंदरातून आला ते गोऱ्यांनी विचारलं नाही.

मला विचाराल तर पहिलीचंही बरोबर होतं. त्या बेटावर पोहू नये, हसू नये असं मला वाटत नाही. पण होडीच्या पत्रकात मद्य, मासे, संगीत, पांढरी वाळू सगळं छापलंय आणि १८५६ हा आकडा कुठेही नाही, हे मला पटत नाही. एक ओळ पुरली असती.

जेवलो. भाजलेले मासे होते, शाकाहारी मंडळींसाठी सॅलड, पाव आणि आदल्या दिवशी सांगून ठेवलेली दालपुरी. दालपुरी म्हणजे पुरण गूळ न घालता भरलेली पोळी समजा. ती कोणत्या बंदरातून तिथे गेली यावर आमचा दुसरा वाद झाला, तो मात्र गोड होता.

परतताना इंजिन बंद केलं आणि शिड उभारलं. नावेचा आवाजच गेला, फक्त पाणी आणि दोर. बाकीचे पर्यटक सेगावर नाचत होते. आम्ही मागच्या बाजूला सावलीत बसलो होतो, तेव्हा तो मुलगा आला आणि त्याने फोनवर एक फोटो दाखवला. त्याच्या आजीच्या खापरपणजोबांचा नोंदणीचा उतारा. मोका इथे महात्मा गांधी संस्थेत त्या स्थलांतरितांची दफ्तरं जपलेली आहेत, वंशजांना उतारा मिळतो. प्रत्येक माणसाला उतरल्याबरोबर एक नंबर दिलेला. मी रोजच्या कामात हजारो नोंदींना असे नंबर देते. माणूस म्हणून नंबर घेऊन आलेली नोंद मी पहिल्यांदा पाहिली. सहा आकडी नंबर, नाव देवाचं, बापाचं नाव देवाचं, वय २२, उंची, उजव्या भुवईवर व्रण, मुंबईहून. आणि जिल्हा, इंग्रजीत त्या काळच्या पद्धतीने लिहिलेला, 'रुटनागेरी'.

रत्नागिरी! सहा जणी एकदम ओरडलो, तांडेलाने मागे वळून पाहिलं.

पण त्याला हवं होतं ते पुढचं. गावाचं नाव. तिथे कारकुनाने एक शब्द लिहिलाय, 'पी'ने सुरू होणारा, मधे 'एल', एक की दोन ते कळत नाही, आणि शेवटी शाईचा फराटा. त्याचं पाळण्यातलं नाव आज या मुलाच्या आजीचं माहेरचं आडनाव आहे, तिथे असंच झालं, पहिल्या माणसाचं नाव पुढच्यांचं आडनाव. त्यामुळे आडनावावरून गाव शोधायची आपली युक्ती तिथे चालत नाही. आजी आता ऐंशीच्या पुढे. मरायच्या आधी गावाचं नाव कळावं एवढीच तिची इच्छा. तिला यायचं नाही, काही मागायचं नाही. फक्त नाव.

आम्ही शिडाच्या सावलीत तो फोन एकमेकींच्या हातून ओढत होतो. पाली, म्हणाली एक. दुसरी म्हणाली, पाली प्रत्येक तालुक्यात आहे. पालशेत? पालवणी? पालगड? ज्या मैत्रिणीने श्राद्धाला आलो नाही म्हटलं होतं, तिनेच पर्समधून पेन काढून जेवणाच्या कागदी रुमालावर यादी करायला घेतली. ग्राँ बे येईपर्यंत रुमाल दोन्ही बाजूंनी भरला.

परत आल्यावर मी माझ्या परीने एक छोटा प्रोग्रॅम लिहिला. जिल्ह्यातल्या गावांची यादी घेतली, स्वर काढून टाकले, ल आणि ळ एक धरले, प आणि फ एक धरले, आणि त्या काळचे कारकून कोकणी नावं इंग्रजीत कशी लिहीत त्याचे काही नियम घातले. डझनभर नावं उरली. यंत्र याच्या पुढे जाऊ शकत नाही. कारण त्या यादीत वाड्या नाहीत, बदललेली नावं नाहीत, आणि कोणत्या गावातून माणसं 'बोटीवर गेली' असं घरात बोललं जायचं, ते तर कुठल्याच यादीत नाही. ते तुमच्या घरातल्या म्हाताऱ्या माणसांना माहीत असेल. वर्गात मंडणगडपासून राजापूरपर्यंतची मुलं होती. तलाठी कार्यालयात दोघं आहेत, एक जण गावोगाव विम्याचे हप्ते गोळा करत फिरतो, गणिताच्या सरांचं तर निम्म्या जिल्ह्यात येणंजाणं आहे.

त्या मुलाने परवानगी दिली आहे. उताऱ्याची मोठी करून घेतलेली प्रत आणि माझी डझनभर नावांची यादी मागे नोंदणीच्या टेबलावर ठेवली आहे, शेजारी कोरा कागद आणि पेन. सोलकढीच्या रांगेत उभं राहण्याआधी दोन मिनिटं तिथे थांबा, तो फराटा तुमच्या डोळ्यांनी वाचा, आणि काय वाटतं ते लिहा. आज रात्री मी त्याला फोन करणार आहे.